माझगावच्या शाळेतील तीन मुले

आमच्या शाळेच्या ओट्यावर एक रंगवलेला फळा श्रावणापासून भिंतीला टेकून उभा आहे. वर पिवळ्या अक्षरांत 'आमचे नामवंत माजी विद्यार्थी' असे लिहिलेले आणि खाली सारा फळा कोरा. नावे गोळा करण्याचे काम शाळेने माझ्यावर सोपवले. "तुम्ही कादंबऱ्या लिहिता, तुम्हाला नावांची काय वाण?" असे एक सहकारी म्हणाले. कादंबरीतील माणसाला नाव देणे सोपे. त्याचे पुढे काय व्हायचे ते आपल्याच हाती असते. वर्गातल्या मुलाचे तसे नाही.

हिंजवडीसारख्या गावात तर हा प्रश्न अधिकच अवघड. एके काळी ज्या रानांत पिके डोलत, तेथे आज काचेच्या इमारती उभ्या आहेत. म्हातोबाच्या बगाडाला अजूनही सारा गाव लोटतो. परंतु त्याच गावातील चौकांना आणि थांब्यांना आता कंपन्यांची नावे पडली आहेत. सातवीच्या मुलांना मी एकदा आपल्या परिसरातील ठिकाणांच्या नावांचे अर्थ शोधून आणायला सांगितले. दुसऱ्या दिवशी एका मुलीने विचारले, "गुरुजी, विप्रो सर्कलमधलं विप्रो म्हणजे काय? कुणाचं आडनाव आहे का?"

मला उत्तर येत नव्हते. शिक्षकाला उत्तर येत नसले की तो म्हणतो, 'उद्या सांगतो.' मीही तसेच म्हणालो आणि शोधाला लागलो. त्या एका चौकाच्या नावाचा माग काढता काढता मी आधी खानदेशात अमळनेरला आणि तेथून मुंबईत माझगावला जाऊन पोहोचलो. माझगावात मला जे सापडले, त्याने आमच्या ओट्यावरचा कोरा फळा माझ्या डोक्यात पुन्हा उभा राहिला. ती हकीकत वाचकांना सांगावी, म्हणून हा लेख.

'विप्रो' हे आडनाव नव्हे. 'वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स' या लांबलचक नावाचे ते आखूड रूप आहे. ही कंपनी महंमद हाशम प्रेमजी या गृहस्थांनी १९४५ साली अमळनेर येथे काढली. धंदा काय, तर वनस्पती तूप आणि पुढे धुण्याचा साबण. अमळनेर आपल्याला ठाऊक असते ते साने गुरुजींमुळे. तेथील प्रताप हायस्कुलात त्यांनी १९२४ ते १९३० या काळात मुलांना शिकवले. ज्या गावाने महाराष्ट्राला 'गुरुजी' हा शब्द नव्या मायेने उच्चारायला शिकवला, त्याच गावच्या तुपाच्या कारखान्यातून आमच्या चौकाचे नाव आले, हे कळल्यावर मला मोठी मौज वाटली. हाशम प्रेमजींचा मुलगा अझीम हा मुंबईत शिकला. आणि त्याची शाळा होती माझगावची सेंट मेरीज्, कॅथॉलिक धर्मगुरूंनी चालवलेली मुलांची शाळा. या शाळेच्या माजी विद्यार्थ्यांत आणखी कोण कोण, म्हणून पाहू लागलो, तो आणखी दोन नावे अशी समोर आली की मी थक्कच झालो. एक काका बॅप्टिस्टा आणि दुसरे झुबिन मेहता!

सेंट मेरीज्‌ची स्थापना १८६४ सालची. त्या वेळची मुंबई म्हणजे पैशाने फुगलेली नगरी. अमेरिकेत यादवी युद्ध पेटलेले, तिकडचा कापूस विलायतेला जाणे थांबलेले, त्यामुळे इकडच्या कापसाला सोन्याचा भाव आलेला. पुढल्याच वर्षी युद्ध संपले आणि शेअरबाजार असा कोसळला की कित्येक लक्षाधीश रस्त्यावर आले. त्या धामधुमीत येशूसंघाचे, म्हणजे जेझुइट पंथाचे, धर्मगुरू एकामागून एक शाळा उभ्या करीत होते. १८६३ साली वांद्र्याची सेंट स्टॅनिस्लॉस, १८६४ साली माझगावची सेंट मेरीज्, १८६७ साली आपल्या पुण्याच्या लष्कर भागातील सेंट व्हिन्सेंट आणि १८६९ साली धोबीतलावाची सेंट झेवियर. सहा वर्षांत चार शाळा. हे धर्मगुरू बहुतेक जर्मन. पहिल्या महायुद्धात इंग्रज सरकारने त्यांना शत्रुराष्ट्राचे म्हणून अडकवले आणि मायदेशी धाडले. नंतर त्यांची जागा घ्यायला स्पॅनिश धर्मगुरू आले. शाळा मात्र चालू राहिल्या.

येशूसंघाचे आणि मराठीचे नाते तसे जुनेच. फादर स्टीफन्स यांचे 'क्रिस्तपुराण' गोव्यात राचोल येथे १६१६ साली छापले गेले, हे मराठी वाचकाला सांगायला नको. तथापि १८६४ च्या शाळांचा रोख पुराणाकडे नव्हता. इंग्रजी, गणित, लॅटिन, शिस्त आणि खेळ असा तो मामला होता. (खेळावरून आठवले. धोबीतलावाच्या सेंट झेवियरचा एक विद्यार्थी १९६६ साली देशातील सर्वोत्तम शालेय क्रिकेटपटू ठरला. त्याचे नाव सुनील गावसकर.) शाळा कॅथॉलिकांची असली, तरी बाकावर पारशी, मुसलमान, हिंदू अशी सगळ्याच घरांतली मुले शेजारी शेजारी बसत. मुंबईतील आईबापांना इंग्रजी हवे होते, आणि ते चांगले कोठे मिळते हे त्यांनी अचूक हेरले होते.

आता पहिला मुलगा. जोसेफ बॅप्टिस्टा यांचा जन्म १७ मार्च १८६४ चा, म्हणजे ज्या वर्षी शाळा जन्मली त्याच वर्षीचा. घर माझगावच्या माथारपाखाडीत. माथारपाखाडी ही ईस्ट इंडियन लोकांची जुनी वस्ती. लाकडी जिने, लाकडी सज्जे, मध्ये क्रूस. उत्तर कोकणातील हे मूळचे मराठी बोलणारे ख्रिस्ती. गोव्याहून आणि मंगळूरहून येणाऱ्या ख्रिस्ती लोकांपासून आपण वेगळे, येथलेच आणि इंग्रज सरकारचे जुने प्रजाजन आहोत, हे ठसवण्यासाठी त्यांनी १८८७ साली, व्हिक्टोरिया राणीच्या सुवर्णमहोत्सवाच्या वर्षी, 'ईस्ट इंडियन' हे नाव घेतले. ज्या समाजाने सरकारशी असलेले नाते आपल्या नावातच गुंफले, त्या समाजातला हा मुलगा पुढे लोकमान्य टिळकांचा उजवा हात झाला, हे ध्यानात घेण्याजोगे आहे.

सेंट मेरीज्‌मधून बॅप्टिस्टा पुण्याला आले आणि अभियांत्रिकी महाविद्यालयात दाखल झाले. त्या काळी त्याला कॉलेज ऑफ सायन्स म्हणत. संगमाजवळच्या त्या इमारतीत शिकलेला तरुण पूल बांधायचा, पाटबंधाऱ्याच्या खात्यात जायचा, पेन्शन घ्यायचा. बॅप्टिस्टांनी ती सरळ वाट सोडली. ते केंब्रिजला गेले, तेथे पदवी घेतली, बॅरिस्टर झाले आणि मुंबईला परतून वकिली करू लागले. १९०१ पासून ते मुंबई महापालिकेत लोकांच्या बाजूने बोलू लागले. टिळकांचे ते कायदेशीर सल्लागार झाले आणि पुढे जिवाभावाचे मित्र. लोक त्यांना 'काका' म्हणू लागले. एका ख्रिस्ती बॅरिस्टरला मराठी माणसाने काका म्हणावे, यापेक्षा मोठी पदवी केंब्रिजलाही देता आली नसती.

मंडालेची सहा वर्षांची शिक्षा भोगून टिळक १९१४ साली परत आले, तेव्हा चळवळीची घडी विस्कटलेली होती. आयर्लंडच्या होमरूल चळवळीचे बॅप्टिस्टांना फार आकर्षण होते. सनदशीर मार्गाने, पण न कचरता, घरचा कारभार घरच्यांच्या हाती मागायचा, ही ती कल्पना. एप्रिल १९१६ मध्ये बेळगावच्या प्रांतिक परिषदेच्या वेळी टिळकांची होमरूल लीग स्थापन झाली, तेव्हा तिचे अध्यक्षपद टिळकांनी स्वतःकडे घेतले नाही. अध्यक्ष झाले काका बॅप्टिस्टा आणि चिटणीस न. चिं. केळकर. लीगची बाजू मांडण्यासाठी काका विलायतेलाही जाऊन आले. स्वराज्य जन्मसिद्ध हक्क असल्याची जी घोषणा आपण टिळकांच्या नावाने पाठ करतो, तिचे शब्द मुळात बॅप्टिस्टांना सुचले असे सांगतात. ते काहीही असो. ती घोषणा उच्चारणाऱ्याच्या पाठीशी कायद्याचे बळ घेऊन उभे राहणाऱ्यांत माझगावचा हा माणूस होता, एवढे निश्चित.

१ ऑगस्ट १९२० रोजी टिळक गेले. तीनच महिन्यांनी, ३१ ऑक्टोबर रोजी, मुंबईत अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसची पहिली बैठक भरली. लाला लजपत राय अध्यक्ष होते आणि काका उपाध्यक्ष. दुसऱ्या वर्षी झरियाच्या कोळसाखाणींच्या मुलखात अधिवेशन झाले, तेथे काका अध्यक्ष झाले. १९२५ साली ते मुंबईचे महापौर झाले आणि १९३० साली वारले. इतिहासाच्या पाठ्यपुस्तकात त्यांच्या वाट्याला एखादी ओळ येते. मीही इतकी वर्षे मुलांना ती ओळ वाचून दाखवून पुढे जात असे, हे येथे कबूल करतो.

दुसरा मुलगा पारशी. झुबिन मेहता यांचा जन्म २९ एप्रिल १९३६ चा. वडील मेहली मेहता हे व्हायोलिन वाजवणारे. त्यांनी बॉम्बे सिम्फनी ऑर्केस्ट्रा उभा केला होता. घरात उठल्याबसल्या पाश्चात्त्य संगीत. तरीही, किंवा म्हणूनच म्हणा, मुलाने डॉक्टर व्हावे असे ठरले. वाजवणाऱ्याच्या घरची चूल कशी पेटते हे वाजवणाऱ्यालाच ठाऊक असते. सेंट मेरीज्‌मधून झुबिन सेंट झेवियर महाविद्यालयात गेला, वैद्यकीच्या पूर्वतयारीचा अभ्यास करू लागला आणि तो अर्धाच टाकून १९५४ साली, अठराव्या वर्षी, व्हिएन्नाला निघून गेला. तेथे हान्स स्वारोव्स्की या गुरूपाशी तो वाद्यवृंदाचे संचालन शिकला. १९५८ साली लिव्हरपूलची स्पर्धा जिंकली, आणि मग माँट्रियल, लॉस एंजेलिस, न्यूयॉर्क, इस्रायल असा जगभरच्या मोठमोठ्या वाद्यवृंदांचा तो प्रमुख झाला. इस्रायलच्या वाद्यवृंदाशी जडलेले नाते तर अर्धे शतक टिकले. २०१९ साली ते त्या पदावरून निवृत्त झाले.

ज्यांना ते संगीत कळत नाही त्यांना, म्हणजे मलाही, त्यांच्या आयुष्यातील दोन प्रसंग कळतात. १९९४ साली, युद्धाने होरपळलेल्या साराएव्हो शहरात, जळून गेलेल्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या पडक्या भिंतींत उभे राहून त्यांनी मोझार्टची मृतांसाठीची प्रार्थना वाजवून घेतली. आणि २०१३ च्या सप्टेंबरात श्रीनगरच्या शालिमार बागेत त्यांनी जर्मन वाद्यवृंद आणून कार्यक्रम केला. त्या दिवशी खोऱ्यात निषेधाचा बंद होता. गाण्याने भांडण मिटते असे नाही. पण भांडणाच्या ठिकाणी जाऊन गावे असे वाटणारा माणूस थोडा निराळा खराच.

तिसरा मुलगा अझीम प्रेमजी. जन्म २४ जुलै १९४५ चा, गुजराती मुसलमान व्यापारी घराण्यात. सेंट मेरीज्‌नंतर तो अमेरिकेत स्टॅनफर्डला विद्युत अभियांत्रिकी शिकायला गेला. १९६६ साली वडील अकस्मात वारले. एकवीस वर्षांचा अझीम शिक्षण अर्धे टाकून परतला आणि अमळनेरच्या तुपाच्या कारखान्याचा धनी झाला. भागधारकांच्या सभेत एका भागधारकाने त्याला तोंडावर सांगितले म्हणतात की, हे तुझे काम नव्हे, समभाग विकून मोकळा हो. तो मोकळा झाला नाही. १९७७ साली आयबीएम ही परदेशी कंपनी भारतातून निघून गेली, तेव्हा संगणकाच्या धंद्यात पोकळी पडली. तुपासाबणाच्या या कंपनीने त्या पोकळीत पाऊल टाकले. पुढची कथा हिंजवडीकराला नव्याने सांगायला नको. अमळनेरच्या ज्या लोकांनी पूर्वी थोडेथोडके समभाग घेऊन ठेवले होते, त्यांची घरे त्यामुळे उजळली. अर्धी राहिलेली पदवी प्रेमजींनी तीस वर्षांहून अधिक काळाने पुरी केली. आणि २०१९ च्या मार्चमध्ये त्यांनी आपल्या प्रतिष्ठानाला दिलेल्या संपत्तीचा आकडा सुमारे १ लाख ४५ हजार कोटी रुपयांवर गेला. ते प्रतिष्ठान मुख्यतः सरकारी शाळांतील शिक्षकांबरोबर काम करते.

तिघांची चरित्रे शेजारी मांडली तेव्हा एक गोष्ट माझ्या नजरेत भरली. एक ख्रिस्ती, एक पारशी, एक मुसलमान. एक राजकारणी, एक कलावंत, एक उद्योजक. त्यातही गंमत अशी की एक मजुरांच्या संघटनेचा अध्यक्ष आणि दुसरा कारखान्याचा मालक! पण तिघांनीही एकच गोष्ट केली होती. तरुणपणी जी वाट आखून दिलेली होती, ती तिघांनीही सोडली. एकाने पूल बांधण्याची विद्या शिकून वकिली केली, एकाने डॉक्टरी टाकली, एकाने अभियांत्रिकी अर्ध्यावर सोडली. त्यांच्या विसाव्या वर्षी त्यांच्या शाळेने नामवंतांचा फळा रंगवायला काढला असता, तर यांपैकी एकाचेही नाव त्यावर आले नसते.

आणि येथेच माझे मन मला खाऊ लागले.

पाच-सहा वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या शाळेतून गेलेल्या एका मुलाने अभियांत्रिकीची पदविका दुसऱ्या वर्षी सोडली. त्याचे वडील त्याला माझ्यापुढे घेऊन आले. "गुरुजी, तुमीच सांगा आता याला." मी सांगितले. चांगले तासभर सांगितले. बापाची जमीन गेली, आता शिक्षणही घालवतोस, तुझ्यासारखी मुले पुढे पस्तावतात, असे बरेच काही. तो मान खाली घालून उभा होता. का सोडलेस, हे मात्र मी त्याला विचारले नाही. पुढे त्याने गाडी घेतली आणि कंपन्यांतल्या लोकांची ने-आण करू लागला. विप्रो सर्कलवरून तो दिवसातून दहा वेळा जातो.

या लेखासाठी माझगाव डोळ्यांनी पाहावे असे वाटले, तेव्हा मी त्याचीच गाडी ठरवली. वाटेत त्याला तिन्ही मुलांची हकीकत सांगितली. माझगावला नेस्बिट रोडवर शाळेच्या फाटकाशी आम्ही थोडा वेळ उभे राहिलो. शाळा सुटत होती. गणवेशातली पोरे दप्तरे आपटत, एकमेकांना ढकलत बाहेर पडत होती. आमच्या पोरांसारखीच. मग आम्ही टेकडीवरच्या बागेत गेलो. खाली पाण्याची टाकी, वर बाग, आणि बागेला नाव काका बॅप्टिस्टांचे. तेथून गोदीतली जहाजे दिसतात.

बाकावर बसल्यावर तो म्हणाला, "गुरुजी, मग मला तेव्हा एवढं का बोलला?"

मी काय उत्तर देणार? म्हणालो, "चुकलं माझं. तू का सोडलंस ते विचारायला हवं होतं."

"दुसऱ्या वर्षाची फी नव्हती," तो म्हणाला. "जमिनीचे पैसे चुलत्यांच्या कज्ज्यात अडकले होते. बाबांनी तुम्हाला सांगितलं नाही, कारण त्यांना लाज वाटत होती." मग थोडे थांबून म्हणाला, "पण गुरुजी, या तिघांचं आणि माझं एक नका करू. एकाच्या मागं कंपनी होती, एकाचा बाप वाजवणारा होता. त्यांनी वाट सोडली, माझी सुटली."

पंचवीस वर्षे मुलांना निबंध लिहायला शिकवले, पण 'सोडणे' आणि 'सुटणे' यांतला फरक इतका नेमका मला कधी सांगता आला नव्हता. माझ्या मनात जो सुबक निष्कर्ष तयार होत होता, तो तेथेच मोडला. वाट सोडणारे मोठे होतात, असा काही नियम नाही. वाट सोडल्यावर पाय टेकायला जमीन लागते. ती कुणाला घराण्याने दिलेली असते, कुणाला पैशाने, कुणाला टिळकांसारख्या मित्राने. शाळा ती जमीन फार थोडी देऊ शकते. पण जेवढी देऊ शकते तेवढी तरी तिने द्यावी. निदान 'का सोडलेस' एवढे तरी विचारावे. सेंट मेरीज्‌मधील शिक्षकांनी त्या तीन मुलांना काय विचारले आणि काय नाही, ते कोण सांगणार? पण त्यांच्या बाकांवर ख्रिस्ती, पारशी आणि मुसलमान मुले शेजारी शेजारी बसली, आणि पुढे तिघांनाही आपल्या समाजाच्या कुंपणापलीकडे माणसे दिसली, एवढे तर उघड आहे. त्यातला काही वाटा त्या बाकांचा असेल, असे मानायला शिक्षकाच्या मनाला आवडते.

परतताना लोणावळ्याला चहा घेतला. मी त्याला विचारले, "फळ्यावर तुझे नाव घालू का?"

तो हसला. "नको गुरुजी, लोक हसतील. पण पोरीला जूनमध्ये तुमच्याच शाळेत घालतोय."

दुसऱ्या दिवशी सातवीच्या त्या मुलीला मी 'विप्रो'चा अर्थ सांगितला. तुपाचा कारखाना ऐकून सारा वर्ग खो-खो हसला. नंतर मुख्याध्यापकांकडे गेलो आणि माझी सूचना मांडली: शीर्षकातला 'नामवंत' हा शब्द पुसावा आणि जनरल रजिस्टरातून सालवार सगळीच नावे फळ्यावर घ्यावीत. त्यांनी चष्मा काढला, हिशेब केला आणि म्हणाले, "अहो, याला असे पंधरा फळे लागतील."

दिवाळीची सुट्टी संपली की शाळा समितीची बैठक आहे. पंधरा फळ्यांचा खर्च कोठून काढावा, याचा मी विचार करीत आहे.